दादाने वाजवलेली चार मिनिटं

धाकटीला बँडमध्ये घेतलं ते तिला वाजवता येत होतं म्हणून नव्हे. दादाच्या बँडला बेस वाजवणारं कुणी मिळत नव्हतं म्हणून. गायचं सगळ्यांनाच असतं, गिटारही सगळ्यांनाच हवी असते. पण चार जाड तारांचं ते जडशीळ लाकूड गळ्यात अडकवून मागे उभं राहायला कुणी तयार होईना. शेवटी दादाने घरातल्याच माणसाला धरलं. ती तेव्हा सोळाची होती, तो बावीसचा. स्वयंपाकघरातल्या टेबलावर दोन चमचे घेऊन त्याने ठेका धरला आणि म्हणाला, "मी जिथे वाजवतो तिथे तू वाजव. बाकी कुणाकडे बघू नकोस."

पुढची चोवीस वर्षं तिने तेवढंच केलं.

बँड चौघांचा. पुढे गायिका, तिच्या बाजूला गिटारवाला, आणि मागे हे दोघं भाऊबहीण. दादा तिला घरी धाकटी म्हणायचा, मग बँडमधले म्हणायला लागले, आणि एकदा तर कार्यक्रमाच्या फलकावरही तेच छापून आलं. पोट भरायचे उद्योग वेगळे होते. दादा लिफ्ट दुरुस्त करायचा. नुसता आवाज ऐकून कुठल्या मजल्यावर काय झिजलंय ते सांगायचा आणि बहुतेक वेळा ते खरं निघायचं. धाकटी चष्म्याच्या दुकानात होती. शनिवारी दुपारी सोफे बनवणाऱ्या एका माणसाच्या कारखान्याच्या माडीवर सराव चाले. तिथे फोमच्या लाद्या भिंतीला टेकवून ठेवलेल्या असत, त्यामुळे आवाज बाहेर जात नसे आणि शेजारी भांडायला येत नसत.

एका कंपनीच्या वार्षिक समारंभात त्यांचं वाजवणं होतं. दुसऱ्याच गाण्यात गायिकेला असा ठसका लागला की तिला आत न्यावं लागलं. गिटारवाला पाणी आणायला म्हणून तिच्यामागे धावला तो परत येईना. मंचावर उरले हे दोघं. समोर अडीचशे माणसं, हातात ताटल्या घेऊन वळून बघणारी. दादाने काठ्या खाली ठेवल्या, तारांचे ब्रश उचलले आणि झांजेवर अगदी हळू सुरुवात केली. धाकटीने त्याच्याकडे पाहिलं आणि वाजवायला लागली. आठ-नऊ मिनिटं ते दोघंच वाजवत होते. काय वाजवलं ते तिला नंतर आठवेना. एवढंच आठवत होतं की ताटल्यांचा आवाज थांबला होता.

चार दिवसांनी दुकानात एक सडपातळ माणूस आला. धाकटीने त्याला सवयीने खुर्चीत बसवलं आणि मापाची चौकट त्याच्या नाकावर ठेवली.

"मी चष्म्यासाठी नाही आलो," तो म्हणाला. "मी त्या समारंभात होतो. मी सिनेमा करतोय, पहिलाच. त्याला संगीत तुम्ही द्याल का?"

"मी बेस वाजवते," धाकटी म्हणाली. तिला वाटलं, माणूस काहीतरी चुकलाय.

"तेच म्हणतोय मी. त्या दिवशी तुम्ही जे वाजवलंत तसं."

त्या दिवशी जे वाजलं होतं ते दोघांनी मिळून वाजवलं होतं. हे तिला तिथल्या तिथे म्हणता आलं असतं. ती म्हणाली, "विचार करून सांगते."

दादाला सांगायला ती त्याच्या कामावर गेली. तो एका इमारतीच्या तळमजल्यावर हाताचं ग्रीस पुसत उभा होता. ऐकून घेतलं आणि हसला. "मला काय विचारतेस? जा. आयुष्यभर काय माझ्या मागे मागे वाजवणार आहेस?" मग जरा थांबून म्हणाला, "फक्त एवढं कर. तुमचा हिरो लिफ्टमध्ये अडकला तर मला बोलव. ठेकाही देईन आणि हिरोलाही बाहेर काढीन."

तिने शनिवारच्या सरावातून सहा महिन्यांची सुट्टी मागितली. सहा महिने म्हणजे सहाच, असं ती तिघांना बजावून आली.

काम सुरू झालं तेव्हा तिच्या लक्षात आलं की आपल्याला सुरुवात करताच येत नाही. आजवर कुणीतरी चार आकडे मोजायचं आणि ती निघायची. आता खोलीत ती एकटी, समोर संगणक, त्यावर मूकपणे हलणारी माणसं. दहा सेकंदांच्या तुकड्याला तिला आठवडा लागे. दिग्दर्शक भला माणूस होता, घाई करत नसे. पण रोज सकाळी फोन करून "कसं चाललंय?" विचारायचा.

सगळ्यात अवघड होता चालण्याचा प्रसंग. वीस वर्षांनी परत आलेला एक माणूस स्टेशनवरून आपल्या जुन्या घरापर्यंत चालत जातो, दारापाशी उभा राहतो आणि दार न वाजवता परत फिरतो. चार मिनिटं. एक शब्द नाही. धाकटीने त्याची पावलं मोजून पाहिली, त्यांवर सूर बसवून पाहिले, आणि प्रत्येक वेळी ते कवायतीसारखं वाटलं. शेवटी तिने दादाला घरी बोलावलं.

दादाने तो प्रसंग तीनदा पाहिला. मग म्हणाला, "हा चालत नाहीये गं. हा टाळतोय. बघ ना, प्रत्येक कोपऱ्यावर याला परत फिरायचंय." त्याने टेबलावरचा वर्तमानपत्राचा कागद ओढला आणि त्यावर बोटं घासत ठेका धरला, थोडा मागे रेंगाळणारा, मध्येच अडखळणारा. धाकटीने बेस उचलला. अर्ध्या तासात चाल तयार झाली.

ध्वनिमुद्रणाच्या दिवशी दादाने रजा टाकली होती. इस्त्रीचा शर्ट घालून तो तासभर आधीच स्टुडिओत येऊन बसला होता. तिथल्या ड्रमचं पायाने दाबायचं पेडल कुरकुरत होतं. ते त्याला सहन होईना म्हणून त्याने स्वतःच उघडलं, खिशातल्या बाटलीतून तेलाचे दोन थेंब सोडले आणि पुन्हा बसवलं. मग वाजवायला बसला. सात वेळा वाजवलं. त्यातलं चौथं सगळ्यांना आवडलं. ते चालू असताना काचेच्या अलीकडे कुणी खोकलंसुद्धा नाही. दिग्दर्शकाने त्याचा हात दोन्ही हातांत धरला. दादा लाजून तिच्याकडे बघत होता, तिनेच काहीतरी करून हे घडवून आणल्यासारखा.

आवाजांची शेवटची जुळणी होती तेव्हा मात्र दादा तिथे नव्हता. असायचं कारणही नव्हतं. अंधाऱ्या खोलीत मोठा पडदा, पुढे बटणांचं लांब टेबल, तिथे बसलेला ध्वनितज्ज्ञ, मागे दिग्दर्शक आणि धाकटी. चालण्याचा प्रसंग दोनदा बघून झाल्यावर दिग्दर्शक म्हणाला, "एकदा ड्रमशिवाय ऐकू या?"

ध्वनितज्ज्ञाने एक बटण दाबलं. ब्रशांचा आवाज गेला. उरला फक्त बेस, धाकटीचा, आणि दोन सुरांच्या मधली मोकळी जागा. पडद्यावरचा माणूस मघाशी कुठेतरी जात होता. आता तो कुठे निघालाय हे त्यालाही माहीत नव्हतं. धाकटीच्या अंगावर काटा आला.

"तुम्हाला काय वाटतं?" दिग्दर्शकाने विचारलं.

दिग्दर्शक चुकला असता तर ती भांडली असती. अगदी हातघाईवर आली असती. पण तो बरोबर होता आणि ते तिला त्याच्या आधी कळलं होतं.

"हो," ती म्हणाली. "काढू या."

एवढंच. मग तिने एक विनंती केली, की शेवटच्या नामावलीत दादाचं नाव राहू द्यावं. दिग्दर्शक म्हणाला, अवश्य. बाहेर पडताना तिला वाटलं, चला, निदान तेवढं तरी आपण त्याच्यासाठी केलं.

सिनेमा लागायला तीन आठवडे होते. दादाला सांगायला एक फोन पुरे होता. दादा काही लहान मूल नव्हता, त्याला हे कळलं असतं. पहिल्यांदा तिने फोन केला तेव्हा तो लिफ्टच्या डोक्यावर उभा होता, म्हणाला, नंतर करतो. दुसऱ्यांदा वहिनीने उचलला. "अगं, तुझ्या दादाने सगळी इमारत डोक्यावर घेतलीय," वहिनी हसत म्हणाली. "जो भेटेल त्याला सांगत सुटलाय, चालण्याचा सीन नीट ऐका म्हणून. मी म्हटलं, लोक सिनेमा बघायला जातात की तुम्हाला ऐकायला?" धाकटीही हसली आणि तिने फोन ठेवला. त्यानंतर आज करू, उद्या करू, असं करत दहा दिवस गेले. तिसऱ्यांदा दादाचाच फोन आला.

"दुपारच्या खेळाची अख्खी रांग घेतलीय," तो म्हणाला. "आपण सगळे, शिवाय माझ्या कामावरचे चौघं आणि खालचे शेजारी. तुझी खुर्ची आईच्या शेजारी."

"दादा..."

"काय गं?"

"काही नाही. येते मी."

आई तेव्हा पंच्याहत्तरीला टेकली होती. कानाला यंत्र होतं. ते कधी चाले, कधी शिट्टी वाजवत बसे. चित्रपटगृहात तिला मधोमध बसवलं होतं, एका बाजूला दादा, दुसऱ्या बाजूला धाकटी. दिवे मालवल्यापासून दर पाच मिनिटांनी ती दादाकडे झुकून, तिला कुजबुज वाटेल एवढ्या मोठ्या आवाजात विचारायची, "आपला कधी?" पुढच्या रांगेतली माणसं वळून बघायची. दादा तिच्या हातावर थोपटून म्हणायचा, "आहे अजून."

मग स्टेशन आलं. तो माणूस बाहेर पडला आणि चालायला लागला.

धाकटीने पडद्याकडे पाहिलंच नाही. ती दादाच्या हातांकडे बघत होती. त्याचा उजवा हात मांडीवर, विजारीच्या कापडावर, ब्रशासारखा फिरायला लागला होता. पहिलं वळण झालं. दुसरं वळण झालं. हात जरा हळू झाला, मग थांबला. मग त्याने तो दुसऱ्या हाताखाली ठेवून दिला.

"हाच ना?" आई म्हणाली. "अरे, मला काहीच ऐकू येत नाहीये." तिने कानामागे बोट घालून यंत्र चाचपायला सुरुवात केली. यंत्राने शिट्टी वाजवली. "बंद पडलं वाटतं मेलं. तुझं वाजतंय का रे?"

दादा तिच्याकडे झुकला. "वाजतंय आई," तो म्हणाला. "हळू आहे. अगदी हळू. लक्ष देऊन ऐक."

आईने यंत्रावरचा हात काढला. मान जराशी तिरकी केली, डोळे मिटले आणि नसलेला आवाज ती ऐकत राहिली, तो माणूस दारापाशी जाऊन परत फिरेपर्यंत. मध्येच एकदा तिने समजल्यासारखी मानही हलवली.

शेवटी नामावली वर सरकायला लागली तेव्हा कामावरच्या चौघांपैकी एकाने दादाचं नाव आधी पाहिलं आणि अख्ख्या रांगेने टाळ्या वाजवल्या. ड्रम, आणि पुढे त्याचं पूर्ण नाव. धाकटीला ते वाचवेना. जे नाव आपण मोठ्या मनाने राहू दिलं असं तिला वाटलं होतं, त्यानेच दादाला सगळ्यांसमोर खोट्यात पाडलं होतं. आता त्याला टाळ्या घ्याव्या लागत होत्या. त्याने घेतल्या. हात वर करून हसला देखील.

बाहेर वहिनीने सगळ्यांना उभं करून फोटो काढला. आई म्हणाली, "मला जरा कमीच ऐकू आलं, पण छान वाजवलंस हो." दादा "हं" म्हणाला. मग धाकटीकडे वळला. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता. असता तर तिला सोपं गेलं असतं.

"चाल छान झालीय," तो म्हणाला आणि आईला जिने उतरवायला निघून गेला.

दुसऱ्या दिवशी तिने फोन केला. तब्येती विचारून झाल्या. मग "दादा, त्या सीनचं जरा..." एवढं ती म्हणाली तोवर तो म्हणाला, "अगं, माणसं खोळंबलीत इथे, ठेवतो." त्यानंतर तो तिच्याशी सगळ्या विषयांवर बोलला. आईची औषधं, वहिनीची बदली, कुठल्या इमारतीतल्या लिफ्टने कसा दगा दिला. फक्त संगीताचा विषय निघाला की त्याला काहीतरी काम आठवायचं.

सिनेमाचं नाव झालं. ज्याने त्याने त्या चालण्याच्या प्रसंगाबद्दल लिहिलं, एकाच वाद्यावर एवढं धाडस केल्याबद्दल तिची पाठ थोपटली. एक छोटं बक्षीसही मिळालं. दुसरा सिनेमा आला, मग तिसरा. तिने चष्म्याचं दुकान सोडलं. सहा महिन्यांची सुट्टी वर्षावर गेली. बँडने दुसरे दोन बेसवाले लावून पाहिले. गिटारवाला एकदा रस्त्यात भेटला तेव्हा म्हणाला, "चांगले होते गं दोघं. पण तुझा दादा वाजवता वाजवता त्यांच्याकडे बघायचाच नाही." मग गायिकेने गाणं सोडलं आणि माडीवरची ती खोली सोफेवाल्याने फोम ठेवायला परत घेतली. कुणी भांडलं नाही, कुणी निरोप घेतला नाही. एका शनिवारी सराव झाला नाही, पुढच्याही झाला नाही.

दादाचे ड्रम त्याच्या बाल्कनीत चादरीखाली होते. एकदा धाकटी गेली तर तिथे कपडे वाळत होते. "शाळेला देऊन टाकले," वहिनी म्हणाली आणि विषय बदलला. तिच्या स्वतःच्या बोटांवरचे घट्टेही एव्हाना गेले होते. संगणकावर सगळी वाद्यं मिळत होती, बेससुद्धा. कधी हौसेने खरा बेस हातात घेतला तर दहा मिनिटांत बोटं हुळहुळायची.

पाचव्या वर्षी आई गेली. अगदी अखेरपर्यंत ती येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत असे, की मुलीने संगीत दिलं आणि मुलाने वाजवलं, आणि मी दोघांना एकत्र ऐकलं.

पंधरा-वीस दिवसांनी दोघं आईचं कपाट आवरायला बसले. दुपारची वेळ. दादा कपड्यांच्या घड्या घालून देत होता, धाकटी त्या पिशवीत भरत होती. मग तिला राहवेना.

"मी फोन करणार होते," ती म्हणाली. "तेव्हा. सिनेमा लागायच्या आधी. तीनदा प्रयत्न केला."

दादाने हातातली घडी पुरी केली. "दोनदा," तो म्हणाला. "तिसऱ्यांदा मी केला होता."

"दादा, ते काढलं नसतं तर..."

"काढलं ते बरोबरच होतं गं. दुसऱ्या वळणालाच कळलं मला. नुसता तुझा सूर होता तेव्हा त्या माणसाकडे बघवत नव्हतं. मी मध्ये होतो तेव्हा त्याला सोबत होती." त्याने पुढचा कपडा घेतला. "मी तुझ्या जागी असतो तर मीही काढलं असतं. त्याचं मला काही नाही."

"मग?"

त्याने हातातला कपडा मांडीवर पसरला. बोलला तेव्हा आवाज साधाच होता.

"तू सांगितलं असतंस तर मी आईला तिथे नेलं नसतं. माणसं जमवली नसती. गुपचूप एकटा जाऊन बघून आलो असतो आणि तुला फोन करून म्हणालो असतो, गाढवे, छान केलंस." त्याने घडी तिच्या हातात दिली. "आईशी मी आयुष्यात एवढंच मोठं खोटं बोललो. आणि ती ते सगळ्यांना सांगत फिरली. पाच वर्षं मी शेजारी उभा राहून ऐकत होतो."

धाकटीच्या डोळ्यांना पाणी आलं. "चुकलं माझं," ती म्हणाली.

"हो," दादा म्हणाला. त्याने तिचं सांत्वन केलं नाही, की आणखी बोल लावला नाही. थोड्या वेळाने विचारलं, "ही शाल तू नेतेस की वहिनीला देऊ?"

"परत वाजवशील का माझ्याकडे? नव्या सिनेमात..."

"नको," तो म्हणाला. "खांदा धरतो आता. आणि खरं सांगू का, मला आता ते नकोय. तुझ्यावर राग म्हणून नाही. उगाच माझ्यासाठी जागा करत बसशील, आणि मग त्या कामाची वाट लागेल."

तिने शाल वहिनीसाठी ठेवली.

तेव्हापासून धाकटीने एक सवय लावून घेतलीय. कुणाचं वाजवणं सिनेमातून काढलं, की त्याच दिवशी ती त्या माणसाला स्वतः फोन करते. दिग्दर्शक हसतात, म्हणतात, हे काम सहायकाला सांगा. ती सांगत नाही. काही वादक गप्प होतात. काही उलट तिचीच समजूत घालतात. मागच्या महिन्यात एका म्हाताऱ्या व्हायोलिनवाल्याला केला, तर तो आधी घाबरलाच, त्याला वाटलं काही वाईट बातमी आहे. मग म्हणाला, "यासाठी कुणी फोन करतं होय, बाई?"

"करायला हवा," ती म्हणाली. त्याने आभार मानले आणि फोन ठेवला.